गुणपत्रिका भिंतीवर लावा: प्रसार भारतीला सांगलीहून खुलं पत्र

प्रति,
मा. मुख्य कार्यकारी अधिकारी, प्रसार भारती, नवी दिल्ली
(आणि आकाशवाणी-दूरदर्शनसाठी गाणी निवडणाऱ्या सगळ्या समित्यांचे सभासद)

विषय: देशाचं गाणं निवडण्याची स्पर्धा सुरू करण्याबाबत, आणि ती दिल्लीत बसून न उरकण्याबाबत.

महोदय,
सप्रेम नमस्कार.

मी सांगलीचा. पेटी वाजवतो. गणपतीतल्या, शाळा-कॉलेजातल्या, भजनी मंडळांच्या स्पर्धांना आजवर साथ करत आलो आणि मधूनमधून परीक्षकाच्या खुर्चीतही बसलो. त्यामुळे निकाल लागल्यावर मांडवाच्या मागे काय काय बोललं जातं ते दोन्ही बाजूंनी ऐकलेलं आहे. आमच्याकडच्या प्रत्येक स्पर्धेच्या पत्रकावर शेवटची ओळ ठरलेली असते: परीक्षकांचा निर्णय अंतिम राहील. ती छापली म्हणून भांडणं थांबल्याचं मी कधी पाहिलं नाही.

हे पत्र युरोव्हिजनबद्दल आहे. आपल्याला ते ठाऊक असणारच, पण पत्र खुलं आहे, म्हणून इतरांसाठी थोडक्यात सांगतो. युरोपातल्या देशांची ही गाण्याची स्पर्धा १९५६ साली स्वित्झर्लंडमधल्या लुगानो गावात सुरू झाली. तेव्हा सात देश होते, आता पस्तीसच्या आसपास असतात. प्रत्येक देशानं एक नवं गाणं पाठवायचं, तीन मिनिटांच्या आत संपवायचं, मंचावर सहापेक्षा जास्त माणसं न्यायची नाहीत. अंतिम फेरी मे महिन्यात शनिवारी रात्री होते, म्हणजे आपल्याकडे रात्री साडेबाराला सुरू होऊन पहाटे साडेचारच्या सुमारास निकाल. मी ती जागून बघतो. घरचे हसतात, हसू देत.

आपल्याला का लिहितोय, तर या स्पर्धेत देशांची सरकारं उतरत नाहीत, प्रसारण संस्था उतरतात. गाणं निवडायचं कसं तेही त्या त्या संस्थेच्याच हातात. आपल्याकडे ते काम कुणाकडे येईल, हे सांगायला नको. ऑस्ट्रेलिया कुठल्याही नकाशात युरोपात नाही, तरी २०१५ पासून बोलावणं घेऊन गातोय. २०२३ पासून स्पर्धेबाहेरच्या देशांतल्या लोकांनाही पैसे भरून मत देता येतं, त्यात आपण आलो. मत चालतं, गाणं अजून नाही. आशियासाठी अशीच स्पर्धा काढायची म्हणून २०१६ साली गाजावाजा झाला आणि २०२१ मध्ये तो बेत गुंडाळला. पुढचं बोलावणं कधी आणि कुणाकडून येईल ते आपल्याला माझ्यापेक्षा आधी कळेल.

मला भीती त्या दिवसाची आहे. फाइल निघेल, समिती बसेल, मुंबईच्या एखाद्या नामवंत संगीतकाराला फोन जाईल. मग तीन मिनिटांत काश्मीर ते कन्याकुमारी. चार सेकंद भांगडा, चार सेकंद बिहू, चार सेकंद आमची लावणी नऊवारीसकट, मागे पडद्यावर ताजमहाल, शेवटी सगळ्यांनी हात जोडायचे. असलं गाणं कुणाचंच नसतं. कुणी ते घरी गुणगुणणार नाही आणि युरोपातला माणूस तर चहा करायला उठेल.

हे मी उगाच रंगवत नाही. ऑस्करला देशाचा सिनेमा पाठवायचं काम फिल्म फेडरेशनची समिती करते. २०२२ मध्ये त्यांनी ‘छेल्लो शो’ हा गुजराती सिनेमा पाठवला. चांगला सिनेमा आहे, त्याच्याबद्दल तक्रार नाही. पण त्याच वर्षी ‘आरआरआर’ देशाच्या शिक्क्याशिवाय स्वतःच्या बळावर गेला आणि मार्च २०२३ मध्ये त्यातल्या ‘नाटू नाटू’ला सर्वोत्तम गाण्याचं ऑस्कर मिळालं. तेलुगू गाणं. समितीचं चुकलं की बरोबर होतं यावर आजही वाद घालता येतो, आणि घालायचा तर हातात काय आहे? कुणी कशाला किती गुण दिले, तो कागद कुठे आहे?

आता दुसरीकडचं बघू. इटलीत सान्रेमो नावाचं समुद्रकाठचं गाव आहे. लोकवस्ती पन्नास-पंचावन्न हजार, आपलं विटा म्हणा. तिथे १९५१ पासून दरवर्षी गाण्यांचा महोत्सव भरतो, हल्ली फेब्रुवारीत लागोपाठ पाच रात्री. युरोव्हिजनची कल्पनाच मुळात तिथून उचललेली. सान्रेमोत जिंकणाऱ्याला युरोव्हिजनला जायचा पहिला मान असतो. २०२५ साली ओली नावाच्या गायकानं सान्रेमो जिंकलं आणि युरोव्हिजनला जात नाही म्हणून कळवलं. मग दुसरा आलेला लुचो कोर्सी गेला आणि पाचवा आला. ओलीच्या नकाराचं सुरुवातीला मला नवल वाटलं. मग लक्षात आलं की त्यांच्याकडे घरची स्पर्धा हीच मोठी. बाहेरचं निमंत्रण हा तिचा जोडधंदा.

महोदय, माझं मागणं एवढ्यातच आलं. बोलावणं येवो न येवो, घरची स्पर्धा सुरू करा.

ती कशी चालवायची याचा नमुना स्वीडनमध्ये आहे. स्वीडनची लोकसंख्या एक कोटीच्या थोडी वर. कोल्हापूर, सांगली, सातारा हे तीन जिल्हे २०११ च्या जनगणनेत मिळून ९७ लाख होते. म्हणजे शिवाजी विद्यापीठाच्या हद्दीएवढा देश. त्या देशानं २०२३ पर्यंत सात वेळा युरोव्हिजन जिंकलंय. त्यांची निवड स्पर्धा २००२ पासून गावोगाव फिरते. एका शनिवारी एका शहरात फेरी, पुढच्या शनिवारी दुसऱ्या, असं करत शेवट राजधानीत. लुलेओ, वेक्शो असली लाखाच्या आतबाहेरची गावं त्यात असतात. फेरी ज्या गावात, ते गाव आठवडाभर फक्त गाण्यावर बोलतं. मोबाइलवरून मत देताना वयोगट पाडलेले असतात आणि प्रत्येक गटाच्या पसंतीला सारखं वजन. पहिला गट तीन ते नऊ वर्षांच्या पोरांचा, शेवटचा पंचाहत्तरीच्या पुढच्यांचा. माझ्यासारख्या पेटीवाल्याचं मत आणि माझ्या नातीचं मत एकमेकांना गिळत नाही. शिवाय अंतिम फेरीत निम्मे गुण परदेशातल्या परीक्षकांचे, कारण गाणं शेवटी त्यांच्यासमोर जायचंय.

हे आपल्याला परकं आहे असं समजू नका. शिवाजी विद्यापीठाचा युवा महोत्सव असाच चालतो: आधी जिल्ह्याजिल्ह्याचा, मग मध्यवर्ती, त्यातून पुढे विभागाचा संघ. राज्य नाट्य स्पर्धेच्या प्राथमिक फेऱ्याही केंद्राकेंद्रावर होतात आणि सांगलीचं केंद्र त्यात आहे. आटपाडीच्या किंवा शिराळ्याच्या कॉलेजातली पोरं लोकगीत घेऊन येतात, हलगीवाला गावातलाच, टेम्पोतून उतरून थेट मंचावर. त्यांच्यातलं एखादं गाणं ऐकून साथीला बसलेल्या माझे हात थांबलेत. ते गाणं मध्यवर्तीला गेलं की नाही, हे मात्र बऱ्याचदा चहाच्या टपरीवर कळायचं.

मतदानाबद्दल जरा जास्त लिहितो, कारण घोडं तिथेच पेंड खातं. नुसतं जनतेवर सोडलं तर काय होतं ते २००७ साली ‘इंडियन आयडॉल’मध्ये दिसलं. दार्जिलिंगचा प्रशांत तमांग आणि शिलाँगचा अमित पॉल समोरासमोर आले. सगळा डोंगर मत द्यायला उतरला. एसएमएससाठी वर्गण्या झाल्या. गाण्याची स्पर्धा उरली नाही, मुलुखाची इभ्रत झाली. त्यात लोकांचं काही चुकलं असं मी म्हणणार नाही. ज्यांना एरवी कुणी विचारत नाही त्यांना एकदा विचारलं, तर ते जीव तोडून उत्तर देणारच. पण गाणं निवडायची ती रीत होऊ शकत नाही. सरळ मतं मोजली तर उत्तर प्रदेशापुढे सिक्कीमचं गाणं कधी वर यायचं?

युरोव्हिजननं यावर १९७५ पासून एक साधी रीत धरली आहे. प्रत्येक देश आपल्या पसंतीच्या दहा गाण्यांना गुण देतो. पहिल्याला बारा, दुसऱ्याला दहा, मग आठ, सात करत एकपर्यंत. देश केवढाही असो, गुण तेवढेच. माल्टाची सगळी वस्ती साधारण साडेपाच लाख, आमच्या सांगली-मिरज-कुपवाड महापालिकेएवढी. जर्मनी आठ कोटींच्या वर. दोघांच्या हातात सारखेच बारा. आणि स्वतःच्या देशाला मत द्यायचं नाही, हा नियम तर सोन्याचा. हल्ली प्रत्येक देशाचे गुण दोनदा येतात, एकदा परीक्षकांचे, एकदा जनतेचे.

हेच राज्यांना लावून बघा. प्रत्येक राज्यानं बारा द्यायचे, स्वतःला सोडून. मग गोव्याचं गाणं बिहारला आवडावं लागेल आणि मणिपूरचं केरळला. शेजारधर्म थोडा चालेलच, ग्रीस आणि सायप्रस एकमेकांना बारा देतात तेव्हा सभागृहात हुर्यो होते. जिल्हा पातळीवर तर मजाच आहे. सांगली साताऱ्याला डोळे झाकून देईल, कोल्हापूरला द्यायचे की नाही यावर रात्रभर बैठक चालेल. चालू दे.

परीक्षक नकोतच, असं मी म्हणत नाही. मी स्वतः त्या खुर्चीत बसलेला माणूस आहे. २०२२ मध्ये स्पेननं बेनिडॉर्म या गावात निवड केली, ती गोष्ट प्रत्येक परीक्षकानं ऐकावी. तानशुगेइरास नावाच्या तिघीजणी होत्या. खंजिरीच्या तालावर गालिसियन भाषेत, म्हणजे स्पेनच्या एका कोपऱ्यातल्या भाषेत गाणाऱ्या. फोनवरची सत्तर टक्क्यांहून जास्त मतं त्यांना पडली. शानेल नावाच्या गायिकेला चार टक्केही नाहीत. तरी जिंकली शानेल. निम्मं वजन तज्ज्ञ परीक्षकांचं होतं आणि त्यांनी त्या तिघींना खाली ठेवलं. शिवाय फोनच्या टक्क्यांचं क्रमांकाप्रमाणे गुणांत रूपांतर केलं होतं, त्यात सत्तर टक्क्यांची सगळी आघाडी वाहून गेली. देशभर गदारोळ. थेट संसदेत प्रश्न विचारले गेले. शानेलला इतक्या शिव्या पडल्या की तिनं काही दिवस समाजमाध्यमं सोडली. आणि मग मे महिन्यात ती युरोव्हिजनसाठी इटलीतल्या तुरीनला गेली, असलं काही नाचली-गायली की स्पेन तिसरा आला. १९९५ नंतरचं त्यांचं सर्वांत चांगलं यश.

मग बरोबर कोण? परीक्षक म्हणतील, बघा आम्ही सांगत होतो. गालिसियावाले म्हणतील, आमच्या पोरी गेल्या असत्या तर कशावरून पहिल्या आल्या नसत्या. मला विचाराल तर माझं मन त्या तिघींकडे आहे, पण परीक्षकांच्या कानाला नावं ठेवायला जागा नाही. या सगळ्या भांडणात मला हेवा वाटला तो एकाच गोष्टीचा. कुणाला किती टक्के, कुठल्या परीक्षक मंडळाचे किती गुण, सगळं लोकांच्या हातात होतं. माणसं आकड्यांवर भांडत होती. आमच्याकडे माणसं ‘तो अमक्याचा भाचा आहे’ यावर भांडतात, कारण भांडायला दुसरं काही दिलेलंच नसतं.

युरोव्हिजनमध्ये २०१४ पासून प्रत्येक परीक्षकाचं नाव आणि त्यानं लावलेला क्रम स्पर्धेनंतर जाहीर होतो. २०२२ च्या दुसऱ्या उपांत्य फेरीत सहा देशांच्या परीक्षकांचे गुण संशयास्पद वाटले, तेव्हा आयोजकांनी त्यांचे अंतिम फेरीचे गुणसुद्धा बाजूला ठेवले. गुण लिहून घेण्याची आणि तपासण्याची सवय होती म्हणून चोरी पकडली गेली. आमच्याकडे परीक्षकाच्या हातात गुणपत्रक असतं, बेरीज होते, आणि निकाल वाचून झाला की तो कागद कुठे जातो ते देवाला ठाऊक. एका स्पर्धेत मी गुणपत्रकं फळ्यावर लावा असं सुचवलं, तर संयोजक म्हणाले, ‘साहेब, मग पुढच्या वर्षी परीक्षक मिळायचे नाहीत.’ नाही मिळाले तर नाही मिळाले. ज्याला आपले गुण चारचौघांत सांगायची लाज वाटते त्यानं खुर्चीत बसू नये.

आपल्याकडे तर चांगली रीत आधीच आहे. आकाशवाणीची ऑडिशन म्हणजे गाणारा स्टुडिओत आणि ऐकणारे पलीकडे, नाव-गाव न सांगता. निदान पहिल्या फेरीला तेच करा. चेहरा, कपडे, वडिलांचं नाव यातलं काही ऐकू येत नाही.

भाषेचं. युरोव्हिजनमध्ये १९६६ ते १९७२ आणि पुन्हा १९७७ ते १९९८ आपल्याच देशाच्या भाषेत गायची सक्ती होती. १९९९ पासून मोकळीक, आणि मग बरेच जण इंग्रजीकडे पळाले. पोर्तुगाल १९६४ पासून हात हलवत परत येत होता. २०१७ मध्ये साल्वादोर सोब्राल नावाचा एक किडकिडीत गायक गेला, बहिणीनं रचलेलं हळुवार गाणं पोर्तुगीजमध्ये गायला, ना धूर ना नाचणाऱ्या, आणि ७५८ गुण घेऊन पहिला आला. २०२१ ला इटालियन गाणं जिंकलं, २०२२ ला युक्रेनियन. तेव्हा बाहेरच्यांना कळावं म्हणून हिंदी किंवा इंग्रजीच हवी, हा विचार डोक्यातून काढा. मराठीच पाठवा असा माझा हट्ट नाही. (इच्छा आहे, हट्ट नाही.) राज्याराज्यांना पाळीपाळीनं संधी ही मात्र करू नका, त्यानं गाणं मरतं आणि कोटा जगतो.

एक तक्रार युरोव्हिजनबद्दलही आहे. १९९९ पासून तिथे वाद्यवृंद बंद झाला. मुख्य गायकाचा गळा खरा, वाद्यं सगळी आधी रेकॉर्ड करून नेलेली. मंचावर गिटार दिसली तर ती दाखवायला. सान्रेमोत अजून आख्खा वाद्यवृंद समोर बसतो, म्हणून मला सान्रेमो जास्त आवडतं. मिरजेच्या सतारीला आणि तानपुऱ्याला २०२४ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं. हत्यारं घडवणाऱ्या शिकलगारांच्या हातांनी दीडशे वर्षांपूर्वी धरलेला हा धंदा. पंढरपूर-मंगळवेढ्याकडचा भोपळा येतो, वाळतो, कोरला जातो, मग जवारी काढायला, म्हणजे तारेखालची घोडी घासून सुरात गुंजन आणायला, एकेक कारागीर तास न् तास कान लावून बसतो. तो तानपुरा युरोपच्या मंचावर नुसता उभा करून ठेवायचा असेल तर न नेलेला बरा. आपली घरची स्पर्धा तरी खऱ्या वाद्यांची ठेवा. सहा माणसांचा नियमही घरी नको. आमच्या धनगरांच्या गजीनृत्याला सहा जण म्हणजे रिंगणच पुरं होत नाही.

या मुलखाची शिफारस मी करायला नको. १८४३ मध्ये विष्णुदास भाव्यांनी नाटक केलं ते इथे. अब्दुल करीम खाँसाहेब राहिले ते मिरजेत. आशाबाईंचा जन्म सांगलीचा, गदिमा आटपाडी तालुक्यातल्या शेटफळ्याचे. आणि हे आपल्या दप्तरातलंच आहे: १९५५-५६ साली पुणे आकाशवाणीनं गदिमांकडून आठवड्याला एक अशी छप्पन्न गीतं लिहून घेतली, बाबूजींनी ती चालीत बसवली, आणि ‘गीतरामायणा’च्या वेळेला लोक रेडिओसमोर बसून राहायचे. तेव्हा सरकारी केंद्राला दर आठवड्याला एक नवं गाणं जमत होतं. आज वर्षाला एक मागतोय.

पहिली फेरी सांगलीत ठेवलीत तर जागेची अडचण नाही. भावे नाट्यमंदिर आहे, दीनानाथ आहे, मिरजेत बालगंधर्व आहे. साथीला मी येईन, मानधनाचं नंतर बघू. तारीख मात्र डिसेंबर-जानेवारीतली धरा, जुलै-ऑगस्ट टाळा. आयर्विन पुलाजवळ कृष्णेचं पाणी चाळीस फुटांवर गेलं की इशारा पातळी आणि पंचेचाळीसला धोका. त्या दिवसांत आम्ही सामान माडीवर चढवण्यात असतो, तालमीला कुणी येणार नाही.

उत्तराच्या प्रतीक्षेत,

आपला,
सांगली आकाशवाणीचा एक जुना श्रोता आणि पेटीवाला